ग्रामपंचायत सदस्याची अपात्रता : अर्ज, पुरावा, सुनावणी आणि अपील यांबाबत मराठवाड्यातील वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ग्रामपंचायत सदस्य किंवा सरपंच अपात्र ठरल्याच्या बातम्या मराठवाड्याच्या आठही जिल्ह्यांत अधूनमधून छापून येतात. त्या वाचून अनेकांचा समज होतो की तक्रार केली की पद जाते. प्रत्यक्षात यातील बरेच अर्ज एखादी तारीख सिद्ध न झाल्यामुळे फेटाळले जातात. पुढील उत्तरे मुख्यतः महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम, १९५९ यावर आधारित आहेत. जुन्या कागदपत्रांत याच कायद्याचा उल्लेख मुंबई ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ असा आढळतो. नगरपालिका आणि जिल्हा परिषद यांच्याविषयी शेवटी थोडक्यात सांगितले आहे.

प्रश्न : अपात्रता, अविश्वास ठराव आणि निवडणूक याचिका हे तिन्ही एकच आहेत का?

नाहीत, आणि चुकीचा मार्ग धरल्यामुळे वर्ष-दोन वर्षे वाया गेल्याची उदाहरणे कमी नाहीत. मतमोजणी, उमेदवारी अर्जाची छाननी किंवा मतदानातील गैरप्रकार यांबद्दल तक्रार असेल तर कलम १५ नुसार निकाल जाहीर झाल्यापासून १५ दिवसांच्या आत दिवाणी न्यायाधीश (कनिष्ठ स्तर) यांच्याकडे जावे लागते. तो अधिकार त्या निवडणुकीतील उमेदवाराला आणि तेथील मतदाराला आहे. सरपंच किंवा उपसरपंच यांच्या कारभारावर सदस्यांचा विश्वास उरला नसेल तर कलम ३५ चा अविश्वास ठराव असतो. तो तहसीलदारांमार्फत चालतो आणि थेट जनतेतून निवडून आलेल्या सरपंचाच्या बाबतीत त्याला ग्रामसभेची मोहोरही लागते. कर्तव्यात कसूर किंवा गैरवर्तन यासाठी कलम ३९ आहे. त्यात मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या स्तरावर चौकशी होऊन विभागीय आयुक्त पदावरून दूर करू शकतात.

अपात्रता, म्हणजे कायद्याच्या भाषेत अनर्हता, यांपेक्षा वेगळी आहे. सदस्य चांगले काम करतो की वाईट, हा प्रश्नच येथे उद्भवत नाही. कलम १४ मध्ये सांगितलेली एखादी परिस्थिती त्याला निवडणुकीच्या वेळी लागू होती किंवा मुदतीत लागू झाली, एवढेच पाहिले जाते आणि ती लागू असल्यास कलम १६ नुसार पद रिक्त होते.

प्रश्न : अर्ज कोण करू शकतो आणि कोणाकडे?

कलम १६(२) नुसार कोणतीही व्यक्ती जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करू शकते. अर्जदार पराभूत उमेदवार असावा किंवा त्याच प्रभागाचा मतदार असावा, अशी अट नाही. जिल्हाधिकारी स्वतःहूनही प्रश्न उपस्थित करू शकतात. तहसीलदार, गटविकास अधिकारी किंवा ग्रामपंचायत अधिकारी (पूर्वीचे ग्रामसेवक) यांना सदस्याला अपात्र ठरवण्याचा अधिकार नाही. ते अहवाल देतात, निर्णय देत नाहीत.

प्रश्न : ग्रामसभेने ठराव घेतला तर सदस्य अपात्र होतो का?

होत नाही. असा ठराव फार तर अर्जासोबत जोडता येईल, पण त्याला पुराव्याचे वजन नाही. पारावर ठरलेली गोष्ट जिल्हाधिकाऱ्यांपुढे पुन्हा कागदाने सिद्ध करावीच लागते.

प्रश्न : निवडणुकीनंतरचे १५ दिवस उलटून गेले आहेत. आता काहीच करता येणार नाही का?

कलम १५ ची याचिका करता येणार नाही. मात्र उमेदवार निवडून आला त्याच दिवशी कलम १४ खाली अनर्ह होता, असे म्हणणे असेल तर कलम १६(१) चा पहिला भाग नेमका त्याच परिस्थितीसाठी आहे आणि तेथे १५ दिवसांची मर्यादा नाही. तरीही मुदतीच्या अखेरच्या वर्षापर्यंत थांबणे शहाणपणाचे नाही. सुनावणी, अपील आणि रिट याचिका पूर्ण होईपर्यंत ग्रामपंचायतीची पाच वर्षे संपून जातात आणि निकाल केवळ कागदावर राहतो.

प्रश्न : सर्वाधिक अर्ज कोणत्या कारणांवर होतात?

शासकीय जागेवरील अतिक्रमण (कलम १४(१) चा खंड ज-३; पुढील कंसांतील अक्षरेही याच कलमाचे खंड आहेत), कराची थकबाकी (ह) आणि दोनपेक्षा अधिक अपत्ये (ज-१) ही तीन कारणे वारंवार दिसतात. त्याखेरीज ग्रामपंचायतीच्या कामात किंवा ठेक्यात हितसंबंध असणे (ग), शासनाचा किंवा स्थानिक प्राधिकरणाचा नोकर असणे, दिवाळखोरी, ठरावीक गुन्ह्यांतील दोषसिद्धी, तसेच घरी शौचालय असून त्याचा नियमित वापर केला जातो याचे प्रमाणपत्र न देणे (ज-५) अशी कारणेही कलमात आहेत. राखीव जागेवरील जात वैधतेचा विषय स्वतंत्र कलमात, म्हणजे १०-१अ मध्ये येतो.

प्रश्न : सदस्याचे घर गायरानावर आहे, हे सगळ्या गावाला माहीत आहे. एवढे पुरेसे आहे का?

पुरेसे नाही. गावाला माहीत असणे आणि अभिलेखात सिद्ध असणे यांत मराठवाड्यात बरेच अंतर आहे, कारण येथील जमिनीच्या नोंदींना निजामकाळाचा इतिहास आहे आणि गावठाण, गायरान, इनाम आणि खासगी जमीन यांच्या हद्दी अनेक ठिकाणी जागेवर दिसतच नाहीत. म्हणून पहिला प्रश्न असा की ती जागा शासकीय किंवा सार्वजनिक आहे, हे कोणत्या कागदावरून दिसते. सातबारा उतारा, जुने खासरा पाहणी पत्रक आणि गावठाणातील जागा असल्यास भूमी अभिलेख विभागाचा नकाशा हे त्यासाठीचे मूळ आधार आहेत. दुसरा प्रश्न असा की त्या जागेवर सदस्याचाच ताबा आहे हे कशावरून म्हणायचे. येथे ग्रामपंचायतीचा नमुना ८, म्हणजे कर आकारणीची नोंदवही, उपयोगी पडते. मात्र नमुना ८ मध्ये नाव असणे हा मालकीचा पुरावा नाही आणि अतिक्रमणाचाही नाही. तो ताबा आणि कर यांपुरताच बोलतो.

महसूल खात्याकडे अतिक्रमणांची वेगळी नोंदवही असते, तिला गाव नमुना १-ई म्हणतात. त्यात सदस्याचे नाव आणि गट क्रमांक असेल तर अर्ज खूप भक्कम होतो. नाव नसेल तर भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणी हा सर्वांत विश्वासार्ह उपाय ठरतो. मोजणीची नोटीस संबंधित सदस्याला मिळाली होती का, हे तपासून ठेवावे. त्याला न कळवता झालेली मोजणी आणि पंचांच्या सह्या घेऊन केलेला पंचनामा सुनावणीत सहज मोडतो.

सदस्याकडून हमखास येणारा बचाव म्हणजे अतिक्रमण नियमित करण्यासाठी अर्ज केला आहे, हा होय. गायरानावरील जुनी अतिक्रमणे नियमित करण्याचे शासन निर्णय वेळोवेळी झाले आहेत आणि भूमिहीन कुटुंबांना त्यांचा लाभही मिळाला आहे. पण नियमित करण्याचा आदेश वेगळा आणि त्यासाठी केलेला अर्ज वेगळा. आदेश झाला असेल तर त्याची तारीख पाहावी, कारण तो उमेदवारी दाखल करण्यापूर्वीचा असेल तर अर्जदाराच्या म्हणण्यात फारसा दम राहत नाही.

प्रश्न : अतिक्रमण वडिलांनी किंवा सासऱ्यांनी केले असेल तर सदस्य अपात्र होतो का?

या प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयाची भूमिका बदलली आहे आणि जुन्या निकालाच्या आधारे सल्ला देणारे आजही भेटतात. २०१७ मध्ये न्यायालयाने असा अर्थ लावला होता की ज्याने स्वतः मूळ अतिक्रमण केले तोच अपात्र ठरेल. २०१८ मध्ये त्रिसदस्यीय पीठाने हा अर्थ अमान्य केला आणि कुटुंबातील व्यक्तीने केलेल्या अतिक्रमणात राहून त्याचा उपभोग घेत राहणारा सदस्यही अपात्र ठरतो, असे सांगितले. तेव्हापासून अतिक्रमण कोणी केले यापेक्षा ते आज कोण उपभोगत आहे, हा प्रश्न महत्त्वाचा झाला आहे.

याचा अर्थ आडनाव सारखे आहे एवढ्यावर कोणालाही घेरता येते, असा नाही. २०२४ मध्ये जळगाव जिल्ह्यातील एका महिला सरपंचाला शासकीय जागेवरील सासरच्या घरात राहत असल्याच्या आरोपावरून अपात्र ठरवण्यात आले होते. तो आदेश सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला. निवडून आलेल्या प्रतिनिधीला, विशेषतः ग्रामीण भागातील महिलेला, पदावरून काढण्याची बाब अधिकाऱ्यांनी इतकी सहज घेऊ नये, असे न्यायालयाने त्या वेळी कठोर शब्दांत नोंदवले. म्हणून सदस्य वेगळे राहत असल्याचे सांगत असेल तर शिधापत्रिका, मतदार यादीतील घर क्रमांक आणि वीजबिल यांवरून राहण्याचे ठिकाण दाखवावे लागते. भावकीचा वाद असा अर्ज करून मिटवता येत नाही. त्याला दिवाणी न्यायालय आहे.

प्रश्न : सदस्याने घरपट्टी व पाणीपट्टी भरलेली नाही. थकबाकीदारांच्या यादीत त्याचे नाव आहे. अर्ज टिकेल का?

केवळ यादीवर टिकणार नाही. कलम १४(१)(ह) मधील शब्द नीट वाचावेत. कराची मागणी झाली पाहिजे, त्याचे बिल रीतसर बजावले गेले पाहिजे आणि त्यानंतर तीन महिन्यांत भरणा झालेला नसला पाहिजे. बिल बजावलेच नसेल तर तीन महिने मोजायला सुरुवात कोठून करणार? म्हणून नमुना ९, म्हणजे मागणी नोंदवही, पाहून समाधान मानू नये. नमुना ९-क हे मागणीचे बिल असते. ते कोणत्या तारखेला, कोणाला दिले आणि पोच म्हणून सही कोणाची आहे, ही माहिती मिळवावी. अनेक ग्रामपंचायतींत बिले छापली जातात पण वाटली जात नाहीत, आणि मार्चअखेरीस वसुलीला निघालेला शिपाई पावतीपुस्तक घेऊनच दारात उभा राहतो. अशा ठिकाणी थकबाकी खरी असली तरी अपात्रता सिद्ध होत नाही.

बजावणी सिद्ध असेल आणि सदस्याने चौथ्या महिन्यात कर भरून नमुना १० ची पावती आणली, तर ती पावती तीन महिन्यांचा भंग पुसून टाकते असे कलमाच्या शब्दांतून दिसत नाही. मात्र निवडणुकीच्या वेळच्या थकबाकीबाबत कायद्याने वेगळी सवलत दिली आहे. नामनिर्देशनासाठी ठरवलेल्या दिवसापूर्वी भरणा केला असेल तर त्या थकबाकीवरून उमेदवार अनर्ह मानला जात नाही.

एक तरतूद अनेक सदस्यांना माहीत नसते. अविभक्त हिंदू कुटुंबातील एका व्यक्तीने कर थकवला तर त्या कुटुंबातील सर्व सदस्य अनर्ह मानले जातात, असे याच कलमाचे स्पष्टीकरण आहे. घर वडिलांच्या नावावर आहे, मी काय करू, हा बचाव त्यामुळे नेहमीच चालत नाही. कुटुंब विभक्त झाल्याचे दाखवण्याची जबाबदारी मग सदस्यावर येते.

प्रश्न : तिसऱ्या अपत्याचा नियम नेमका काय आहे?

ही तरतूद १३ सप्टेंबर २००० पासून अमलात आली आणि पहिल्या वर्षात झालेला जन्म धरायचा नाही अशी सवलत दिली गेली. त्यामुळे व्यवहारात १२ सप्टेंबर २००१ ही तारीख निर्णायक ठरते. त्यानंतरच्या जन्मामुळे अपत्यांची संख्या दोनपेक्षा अधिक होत असेल तर सदस्य अनर्ह होतो. पहिले एक अपत्य असताना पुढच्या एकाच प्रसूतीत जुळी झाली तर ती एकच मानली जातात. दत्तक घेतलेले अपत्य मोजले जात नाही. उलट स्वतःचे मूल दुसऱ्याला दत्तक देऊन संख्या कमी करता येत नाही, असे ओडिशातील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितले. हरियाणातील अशाच तरतुदीची घटनात्मक वैधता न्यायालयाने २००३ मध्ये मान्य केलेली आहे.

पुराव्यात जन्म नोंदवहीचा उतारा सर्वांत वरचा. तो मिळत नसेल तर शाळेच्या प्रवेश-निर्गम नोंदवहीचा उतारा, प्रसूती झालेल्या रुग्णालयाची नोंद आणि अंगणवाडीची नोंदवही एकत्र जोडावी. केवळ शाळेतील जन्मतारखेवर विसंबणे धोक्याचे आहे, कारण ग्रामीण भागात ती तारीख अंदाजाने लिहिल्याची उदाहरणे भरपूर आहेत.

प्रश्न : सदस्य दरवर्षी ऊसतोडीला जातो आणि सहा महिने गावात नसतो. तो अपात्र होतो का?

हा प्रश्न बीड जिल्ह्यातून आणि त्याला लागून असलेल्या तालुक्यांतून विशेष येतो. याचे उत्तर कलम १४ मध्ये नसून कलम ४० मध्ये आहे. परवानगीशिवाय सलग चार महिन्यांपेक्षा अधिक काळ गावातून गैरहजर राहणारा, किंवा ग्रामपंचायतीच्या सभांना सलग सहा महिने परवानगीशिवाय न येणारा सदस्य पद गमावतो. पण हीच तरतूद रजेची सोयही देते. ग्रामपंचायत सदस्याला सहा महिन्यांपर्यंत गैरहजर राहण्याची रजा मंजूर करू शकते. दिवाळीनंतर कोयता घेऊन पश्चिम महाराष्ट्रात किंवा कर्नाटकात जाणाऱ्या सदस्याने निघण्यापूर्वी लेखी अर्ज देऊन रजेचा ठराव इतिवृत्तात नोंदवून घेतला, तर तो सुरक्षित राहतो.

राखीव जागांवर निवडून आलेल्या ऊसतोड कुटुंबांतील महिला सदस्यांना हे कोणी सांगत नाही आणि नंतर त्यांच्या गैरहजेरीचाच उपयोग त्यांच्याविरुद्ध केला जातो. ग्रामपंचायत अधिकाऱ्याने हंगामापूर्वीच्या मासिक सभेत हा विषय स्वतःहून घ्यायला हवा. अर्जदाराने मात्र सभेच्या नोटिसा बजावल्याची नोंद आणि इतिवृत्तातील हजेरी पाहूनच पुढे जावे. सभाच झाल्या नसतील तर सभांतील गैरहजेरी मोजता येत नाही.

प्रश्न : राखीव जागेवर निवडून आलेल्या सदस्याने जात वैधता प्रमाणपत्र दिलेले नाही. पुढे काय?

जात प्रमाणपत्र आणि जात वैधता प्रमाणपत्र हे दोन वेगळे दस्तऐवज आहेत. पहिले उपविभागीय अधिकारी देतात, दुसरे जिल्हा पडताळणी समिती देते. मराठवाड्यात २०२३ पासून निजामकालीन नोंदींच्या आधारे मोठ्या प्रमाणावर कुणबी प्रमाणपत्रे दिली गेली असल्याने हा फरक येथे अधिक महत्त्वाचा आहे. पडताळणीसाठी अर्ज केल्याची पोच देऊन निवडणूक लढवता येते, पण ठरलेल्या मुदतीत वैधता प्रमाणपत्र सादर झाले नाही तर निवड पूर्वलक्षी प्रभावाने संपुष्टात आल्याचे मानले जाते. ही मुदत बंधनकारक आहे, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१६ मध्ये आणि सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितले. मुदत मूळची सहा महिने होती. त्यानंतर विधिमंडळाने ती बारा महिन्यांपर्यंत वाढवली आणि पुढेही काही निवडणुकांसाठी मुदतवाढी झाल्या. म्हणून आपल्या गावाची निवडणूक ज्या वर्षी झाली त्या वर्षाला कोणती मुदत लागू आहे, हे आधी पाहावे.

प्रश्न : सदस्याचा मुलगा ग्रामपंचायतीची कामे घेतो. हे कारण होते का?

कलम १४ च्या खंड (ग) मध्ये प्रत्यक्ष किंवा अप्रत्यक्ष हिस्सा अथवा हितसंबंध असे शब्द आहेत. नात्यावरून हितसंबंध आपोआप सिद्ध होत नाही. देयक कोणाच्या खात्यात गेले, सदस्याच्या खात्यात रक्कम वळली का, साहित्य कोणाच्या दुकानाच्या बिलावर आले, हे प्रमाणक (खर्चाचे व्हाउचर) आणि बँक व्यवहार यांवरून दाखवावे लागते. सरपंच पत्नीचा कारभार पती पाहतो, ही तक्रार मात्र कलम १४ मध्ये बसत नाही.

प्रश्न : निवडणूक खर्चाचा हिशेब न दिल्यास?

निकालानंतर ३० दिवसांत हिशेब द्यावा लागतो. न दिल्यास आणि समाधानकारक कारण नसल्यास कलम १४ब खाली पाच वर्षांपर्यंत अनर्हता येऊ शकते. ही कारवाई राज्य निवडणूक आयोगाच्या अधिकारातील आहे. पराभूत उमेदवारही त्यातून सुटत नाही.

प्रश्न : अर्ज कसा लिहावा?

अर्जात सदस्याचे नाव, प्रभाग, निवडणुकीची तारीख, अपात्रतेचे कलम व खंड, त्या खंडात बसणारी वस्तुस्थिती तारखांसह आणि मागणी एवढेच असावे. ग्रामपंचायतीतील इतर भ्रष्टाचाराच्या कहाण्या त्यात घालू नयेत. त्यांनी मुख्य मुद्दा झाकला जातो आणि अर्जदाराचा हेतू राजकीय असल्याचे सांगायला प्रतिवादीला संधी मिळते. दोन कारणे असतील तर स्वतंत्र परिच्छेद करावेत. सोबत शपथपत्र, कागदपत्रांची सूची आणि प्रमाणित नकला जोडाव्यात. ग्रामपंचायत अधिकारी आणि गटविकास अधिकारी यांनाही प्रतिवादी केल्यास अभिलेख मागवणे सोपे जाते. जिल्हाधिकारी कार्यालयात असा अर्ज साधारणपणे ग्रामपंचायत विवाद अर्ज म्हणून नोंदवला जातो. नोंदणी क्रमांक घेतल्याशिवाय परतू नये.

कागदपत्रे मिळत नसतील तर माहिती अधिकार अधिनियम, २००५ खाली दहा रुपये शुल्क भरून अर्ज करता येतो आणि उत्तराची मुदत ३० दिवसांची आहे. "सर्व माहिती द्या" असे लिहिण्याऐवजी नमुना आणि आर्थिक वर्ष यांचा नेमका उल्लेख करावा.

प्रश्न : सुनावणीत काय होते आणि किती दिवस लागतात?

सदस्याला नोटीस निघते, तो लेखी म्हणणे देतो, गटविकास अधिकारी किंवा तहसीलदार यांचा अहवाल मागवला जातो आणि दोन्ही बाजूंचा युक्तिवाद होतो. म्हणणे मांडण्याची वाजवी संधी दिल्याशिवाय आदेश देता येत नाही. अहवालाची प्रत दोन्ही बाजूंना मिळाली पाहिजे, नाहीतर तेवढ्या एका त्रुटीवर आदेश अपिलात रद्द होऊ शकतो. पुराव्याचा भार अर्जदारावर आहे. कायद्याने ६० दिवसांची मुदत सांगितली असली तरी तिच्यापुढे "शक्यतो" हा शब्द आहे आणि तारखा त्यापेक्षा बऱ्याच लांबतात. लांबलेल्या प्रकरणात लवकर निर्णय देण्याचे निर्देश उच्च न्यायालयाकडून मागता येतात.

निर्णय होईपर्यंत सदस्य पदावर राहतो, सभेत बसतो आणि मतदानही करतो. अर्ज दाखल झाला म्हणून त्याला सभेला बोलावले नाही तर चूक ग्रामपंचायतीची ठरते.

प्रश्न : निर्णय मान्य नसल्यास?

निर्णयाच्या तारखेपासून १५ दिवसांत अपील करता येते. कायद्यात अपील राज्य शासनाकडे असले तरी हे अधिकार विभागीय स्तरावर वापरले जातात, त्यामुळे मराठवाड्यातील अपिले छत्रपती संभाजीनगर येथील विभागीय आयुक्त कार्यालयात चालतात. आदेशाची नक्कल त्याच दिवशी मागावी, कारण १५ दिवस फार लवकर संपतात. अपिलासोबत स्थगितीचा अर्ज स्वतंत्र द्यावा. अपिलावरील निर्णयाविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका करता येते. तेथे पुरावा नव्याने तपासला जात नाही. आदेश कायद्याला धरून आहे का, एवढेच मुख्यतः पाहिले जाते.

प्रश्न : नगरपालिका, जिल्हा परिषद आणि महानगरपालिका यांच्यासाठी हीच पद्धत आहे का?

कारणे बरीचशी सारखी आहेत, अधिकारी वेगळे आहेत. नगर परिषद आणि नगर पंचायतीच्या सदस्याबाबत १९६५ च्या अधिनियमाचे कलम ४४ लागू होते आणि निर्णय जिल्हाधिकारी देतात. तेथे सदस्याने, त्याच्या जोडीदाराने किंवा अवलंबिताने केलेले बेकायदेशीर बांधकाम हेही कारण आहे. जिल्हा परिषद सदस्याबाबत १९६१ च्या अधिनियमाखाली विभागीय आयुक्तांकडे जावे लागते. महानगरपालिकेत असा वाद न्यायाधीशांकडे निर्देशित केला जातो.

प्रश्न : सदस्याने पॅनेल बदलले. पक्षांतरबंदी लागू होईल का?

ग्रामपंचायतीत नाही. महाराष्ट्र स्थानिक प्राधिकरण सदस्य अनर्हता अधिनियम, १९८६ हा महानगरपालिका, नगरपालिका, जिल्हा परिषद आणि पंचायत समिती यांना लागू आहे. ग्रामपंचायतीची निवडणूक पक्षचिन्हावर होत नाही. पॅनेल ही गावातील व्यवस्था आहे, कायद्याला ती ठाऊक नाही.

प्रश्न : एकदा अपात्र ठरलेली व्यक्ती पुन्हा निवडणूक लढवू शकते का?

ते कारणावर अवलंबून आहे. कलम १६ खाली पद रिक्त होते, पण प्रत्येक वेळी ठरावीक वर्षांची बंदी येतेच असे नाही. कर भरून टाकणारी व्यक्ती पुढच्या निवडणुकीत उभी राहू शकते. अतिक्रमण काढून जागा मोकळी केल्याचा पंचनामा असेल तर त्या कारणाचीही अडचण उरत नाही. तिसऱ्या अपत्याची अनर्हता मात्र संपत नाही, आणि खर्चाच्या हिशेबाबाबतची अनर्हता आदेशात लिहिलेल्या कालावधीपुरती राहते. त्यामुळे आदेश हाती आल्यावर त्यात केवळ पद रिक्त झाल्याचे लिहिले आहे की पुढील कालावधीही नमूद केला आहे, हे दोन्ही बाजूंनी पाहून घ्यावे. पोटनिवडणुकीची अधिसूचना निघाल्यावर नामनिर्देशनाच्या छाननीत पहिला आक्षेप याच मुद्द्यावर घेतला जातो.